पुनर्मूल्यांकनाचा निकाल रखडला, तर दाद कोठे आणि कशी मागावी

प्रश्न, थोडक्यात: नागपुरातील एका पालकांनी विचारले आहे की, त्यांच्या मुलीचा बी.एस्सी.च्या अंतिम सत्राचा निकाल १८ जूनला लागला आणि ती रसायनशास्त्राच्या एका पेपरात चार गुणांनी अनुत्तीर्ण झाली. तिने २७ जूनला शुल्क भरून उत्तरपत्रिकेची छायांकित प्रत आणि पुनर्मूल्यांकन या दोन्हींसाठी अर्ज केले. २१ जुलैला हाती आलेल्या प्रतीत एका पूर्ण उत्तराला गुणच दिलेले नाहीत. आज ८ सप्टेंबर उजाडला, तरी पुनर्मूल्यांकनाचा निकाल नाही. एम.एस्सी.चा प्रवेश तात्पुरता असून उत्तीर्णतेची गुणपत्रिका ३० सप्टेंबरपर्यंत द्यायची आहे, आणि पुरवणी परीक्षेचा अर्ज भरण्याची शेवटची तारीख १९ सप्टेंबर आहे. विद्यापीठावर दावा लावता येईल का, आणि कोठे?

उत्तर:

आपल्या पत्रात दोन तक्रारी एकमेकींत मिसळल्या आहेत. एक तक्रार अशी की, एका उत्तराला गुण दिलेच गेले नाहीत. दुसरी अशी की, विद्यापीठाने शुल्क घेऊन स्वीकारलेल्या अर्जावर दहा आठवडे उलटूनही निर्णय दिलेला नाही. या दोन्ही तक्रारी कायद्याच्या दृष्टीने बळकट आहेत. मात्र पत्राच्या शेवटी आपण तिसरी एक गोष्ट लिहिली आहे, ती म्हणजे ‘मुलीला किमान साठ गुण मिळायला हवे होते’. हे वाक्य कोणत्याही अर्जात, नोटिशीत वा याचिकेत येऊ देऊ नका. माझ्या अनुभवात अशा प्रकरणांचा विचका बहुतेक वेळा याच वाक्याने होतो, कारण ते वाचताच समोरचा अधिकारी, आणि पुढे न्यायालयही, हे प्रकरण विलंबाचे न समजता गुणांच्या भांडणाचे समजते.

गुणांच्या भांडणात न्यायालये पडत नाहीत. महाराष्ट्राच्याच माध्यमिक व उच्च माध्यमिक शिक्षण मंडळाच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने १९८४ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाचा निर्णय फिरवून असे ठरवले की, नियमांत पुनर्मूल्यांकनाची तरतूद नसेल, तर विद्यार्थ्याला ते हक्क म्हणून मागता येत नाही. पुढे २०१७ च्या डिसेंबरमध्ये रणविजय सिंह प्रकरणात त्याच न्यायालयाने आणखी स्पष्ट शब्दांत सांगितले की, न्यायाधीशांनी स्वतः उत्तरपत्रिका तपासायला बसू नये, आणि शंका उरत असेल तर तिचा फायदा परीक्षार्थीला नव्हे, परीक्षा घेणाऱ्या संस्थेला द्यावा. विद्यापीठाचे वकील पहिल्याच तारखेला हे दोन निवाडे पुढे करतात. त्यांना उत्तर एवढेच असते की, आम्ही न्यायालयाला पेपर तपासायला सांगतच नाही. विद्यापीठाने स्वतःच्या नियमानुसार, स्वतः शुल्क घेऊन जे काम अंगावर घेतले, ते त्याने ठरावीक मुदतीत पुरे करावे, इतकेच सांगतो. नियमात तरतूद आहे, अर्ज मुदतीत आहे, शुल्काची पावती आहे. मग निर्णय देणे हे त्या प्राधिकरणाचे कर्तव्य ठरते, आणि सार्वजनिक प्राधिकरण कर्तव्य करीत नसेल तर ते करण्याचा आदेश देण्यासाठीच संविधानाच्या अनुच्छेद २२६ खाली परमादेशाची रिट आहे.

आता गुण न दिलेल्या उत्तराविषयी. आपण पाठवलेल्या प्रतीचे पान चौदा मी नीट पाहिले. प्रश्न चारचा ‘ब’ भाग त्या पानावर सुरू होऊन पुढल्या पानाच्या मध्यापर्यंत गेला आहे, आणि या दीड पानावर परीक्षकाची एकही खूण नाही, बरोबरची नाही आणि चुकीचीही नाही. मुखपृष्ठावरच्या गुणतक्त्यात ४-ब चा चौकोनही कोरा आहे. तेथे शून्य लिहिलेले नाही. हा फरक फार मोलाचा आहे. परीक्षकाने शून्य दिले असते, तर तो त्याच्या मूल्यमापनाचा भाग झाला असता. चौकोन कोराच आहे, याचा अर्थ मूल्यमापन झालेच नाही. अशी चूक, तसेच बेरजेतील चूक, ही खरे तर पुनर्मूल्यांकनाची नव्हे, गुणपडताळणीची बाब आहे, आणि ती दुरुस्त करायला दुसरा परीक्षक नेमण्याची वाट पाहण्याचे कारण नसते. म्हणून पुनर्मूल्यांकनाच्या अर्जाला हात न लावता, ‘४-ब हे उत्तर तपासायचे राहून गेले आहे, ते तपासून निकाल दुरुस्त करावा’ असा वेगळा, एका पानाचा अर्ज आजच द्यावा. गुणपडताळणीची मुदत संपली, असे खिडकीवर सांगतील. तरीही अर्ज घ्यायला लावा आणि नाकारायचा असेल तर लेखी नाकारायला सांगा.

मुदतीबाबत कायदा काय म्हणतो, हे येथेच पाहून घेऊ. महाराष्ट्र सार्वजनिक विद्यापीठे अधिनियम, २०१६ च्या कलम ८९ प्रमाणे विद्यापीठाने परीक्षेच्या शेवटच्या दिवसापासून तीस दिवसांत निकाल लावण्याचा प्रयत्न करायचा असतो, आणि कोणत्याही परिस्थितीत पंचेचाळीस दिवसांच्या आत तो लावायचा असतो. ते न जमल्यास विलंबाच्या कारणांचा सविस्तर अहवाल कुलपती, म्हणजे राज्यपाल, आणि राज्य शासन यांना द्यावा लागतो. हे कलम निव्वळ शोभेचे नाही. २०१७ मध्ये मुंबई विद्यापीठात ऑनस्क्रीन, म्हणजे संगणकाच्या पडद्यावरील, तपासणीचा गोंधळ होऊन निकाल महिनोन्महिने लांबले, तेव्हा प्रकरण उच्च न्यायालयात गेले आणि त्या वर्षीच्या ऑक्टोबरमध्ये कुलपतींनी कुलगुरूंना पदावरून दूर केले. परंतु हे कलम मूळ निकालाविषयी बोलते, पुनर्मूल्यांकनाविषयी नाही, हे प्रामाणिकपणे मान्य करून पुढे जावे. पुनर्मूल्यांकनाची मुदत शोधायची ती विद्यापीठाच्या अध्यादेशात, कुलगुरूंनी काढलेल्या निर्देशात आणि अर्ज मागवताना प्रसिद्ध केलेल्या अधिसूचनेत. तेथे दिवसांचा आकडा असेल, तर आपले अर्धे काम झाले. आकडा नसेल, तर युक्तिवाद असा करायचा की, जेथे मूळ निकालालाच कायद्याने पंचेचाळीस दिवसांची सीमा घातली आहे, तेथे मोजक्या उत्तरपत्रिकांच्या फेरतपासणीला त्याहून अधिक काळ लागणे ‘वाजवी मुदत’ या कल्पनेत बसत नाही.

हे सर्व करण्याआधी मात्र एक काम करा: १९ तारखेच्या आत पुरवणी परीक्षेचा अर्ज भरा. ‘पुनर्मूल्यांकनात पास होणारच आहे, मग कशाला भरायचा’ असे म्हणून मुले अर्ज सोडून देतात, आणि निकाल उलट लागला की पुढचे सहा महिने हातचे जातात. अर्ज भरल्याने पुनर्मूल्यांकनावरचा हक्क सुटतो, अशी एक समजूत आपल्याकडे पक्की बसली आहे. ती निराधार आहे. मनाला खात्री हवी असेल, तर अर्जासोबत ‘पुनर्मूल्यांकनाच्या निकालाच्या अधीन राहून’ असे एक ओळीचे पत्र जोडा. एम.एस्सी.च्या महाविद्यालयालाही आताच लेखी कळवा की निकाल विद्यापीठाकडे प्रलंबित आहे, आणि मुदतवाढ मागा. ३० तारखेला संध्याकाळी मागू नका.

विद्यापीठाला द्यायचे निवेदन संचालक, परीक्षा व मूल्यमापन मंडळ यांच्या नावे असावे आणि त्याची प्रत कुलसचिवांना द्यावी. त्यात तारखा, पावती क्रमांक, आसनक्रमांक, प्रवेशाची अंतिम तारीख आणि ‘सात दिवसांत निर्णय द्यावा’ ही स्पष्ट मागणी हवी. रागाचे एकही विशेषण नको. माझ्या कार्यालयात येणारे पालक पिशवीभर कागद आणतात, पण त्यात एकाही अर्जावर आवक शिक्का नसतो. विचारले तर म्हणतात, ‘साहेब, चार वेळा गेलो, बाबूंनी सांगितलं फाईल वर गेली आहे.’ त्या चार फेऱ्यांचा न्यायालयात काडीचा उपयोग होत नाही. अर्जाच्या दोन प्रती न्या. आपल्या प्रतीवर तारीख आणि आवक क्रमांकासह शिक्का उमटेपर्यंत खिडकी सोडू नका. शिक्का पुसट उठला, तर पुन्हा मारायला सांगा. प्रत घेण्यास नकार दिला, तर तेच निवेदन त्याच दिवशी अधिकृत ई-मेलवर आणि स्पीड पोस्टने पाठवा. (पूर्वी आम्ही रजिस्टर्ड पोस्ट सांगत असू. २०२५ मध्ये टपाल खात्याने ती सेवा स्पीड पोस्टमध्येच विलीन केली आहे.) परमादेशाच्या याचिकेत न्यायालय पहिली गोष्ट हीच पाहते की, मागणी केली होती का, आणि ती नाकारली वा दुर्लक्षिली गेली का.

यानंतरची पायरी विद्यार्थी तक्रार निवारण समितीची. विद्यापीठ अनुदान आयोगाने एप्रिल २०२३ मध्ये या विषयावर विनियम अधिसूचित केले. परीक्षा घेण्यास किंवा निकाल जाहीर करण्यास शैक्षणिक वेळापत्रकाबाहेर होणारा विलंब, तसेच अपारदर्शक किंवा अन्यायकारक मूल्यमापन, या दोन्ही गोष्टी त्यांत ‘तक्रार’ या शब्दाच्या व्याख्येतच आहेत. समितीने तक्रार मिळाल्यापासून पंधरा कामकाजाच्या दिवसांत शिफारशींसह अहवाल द्यायचा असतो. तो मान्य नसेल, तर निर्णय मिळाल्यापासून पंधरा दिवसांत लोकपालांकडे, म्हणजे याच विनियमांखाली विद्यार्थ्यांच्या तक्रारींसाठी नेमलेल्या अधिकाऱ्याकडे, अपील करता येते, आणि लोकपालांनी ते तीस दिवसांत निकाली काढावे, अशी अपेक्षा आहे. येथेही एक खाच आहे. उत्तरपत्रिका पुन्हा तपासा, गुण वाढवा, अशा स्वरूपाचा अर्ज लोकपाल ऐकत नाहीत; निकालावर ठोस परिणाम करणारी विशिष्ट अनियमितता किंवा भेदभावाचा विशिष्ट प्रसंग दाखवला, तरच ऐकतात. कोरा चौकोन ही नेमकी तशी विशिष्ट अनियमितता आहे, म्हणून तक्रारीत पान चौदाची प्रत पहिले सहपत्र म्हणून लावा. महाविद्यालय स्वायत्त असेल आणि परीक्षा त्याचीच असेल, तर विद्यापीठाच्या दारात वेळ घालवू नका. तेथे परीक्षा नियंत्रक आणि महाविद्यालयाची समिती हेच पहिले ठिकाण.

दिनदर्शिका समोर ठेवून पाहिले, तर आज केलेल्या तक्रारीवरचे पंधरा कामकाजाचे दिवस जेमतेम महिनाअखेरीस संपतात. म्हणून समितीचा निर्णय येईपर्यंत हात बांधून बसावे, असा माझा सल्ला नाही. तक्रार करावी, कारण उच्च न्यायालयात ‘पर्यायी उपाय का वापरला नाही’ हा प्रश्न हमखास येतो. पर्यायी उपाय असणे ही रिटच्या आड येणारी भिंत नाही, तो न्यायालयाने स्वतःवर घातलेला संयम आहे, आणि उपाय हाती येईपर्यंत प्रवेशच जाणार असेल, तर तो उपाय परिणामकारक नाही, हे सांगता येते. पण तक्रारच केली नसेल, तर हे सांगण्याचे तोंड उरत नाही.

माहितीच्या अधिकाराचा अर्ज टाका, असा सल्ला आपल्याला अनेकांनी दिल्याचे लिहिले आहे. तो चुकीचा नाही, पण त्यामागचा हेतू नीट समजून घ्या. अर्जाला उत्तर देण्याची मुदत तीस दिवसांची, म्हणजे ८ ऑक्टोबरची; तोवर आपली ३० सप्टेंबर निघून गेलेली असेल. जीवित आणि स्वातंत्र्याशी संबंधित माहितीसाठी असलेली अठ्ठेचाळीस तासांची तरतूद काही जण निकालासाठी वापरू पाहतात. ती येथे लागू होत नाही. माहितीचा अर्ज घाई करण्यासाठी नव्हे, पुरावा बांधण्यासाठी करायचा. उत्तरपत्रिका फेरतपासणीसाठी परीक्षकाकडे कोणत्या तारखेला गेली, कोणत्या तारखेला परत आली, त्या विषयाचे किती अर्ज प्रलंबित आहेत, मूळ निकालाला पंचेचाळीस दिवसांहून अधिक लागले असतील तर कलम ८९ चा अहवाल पाठवला का, आणि उत्तरपत्रिका किती काळ जतन करण्याचा नियम आहे, एवढेच विचारा. महाराष्ट्राच्या नियमांप्रमाणे अर्ज एका विषयापुरता आणि साधारण दीडशे शब्दांत हवा. दहा रुपयांचा कोर्ट फी स्टॅम्प पुरतो. परीक्षकाचे नाव मागू नका. सर्वोच्च न्यायालयाने ऑगस्ट २०११ मध्ये आदित्य बंडोपाध्याय प्रकरणात विद्यार्थ्याला स्वतःची तपासलेली उत्तरपत्रिका पाहण्याचा आणि तिची प्रत घेण्याचा हक्क दिला, पण परीक्षकाची ओळख उघड करण्यास मज्जाव केला. हा हक्क उत्तरपत्रिका जतन केलेली असेपर्यंतच उपयोगी आहे, हेही त्याच निवाड्यातून निघते. जतनाचा काळ संपला की गठ्ठे नष्ट होतात, म्हणून ‘निर्णय होईपर्यंत उत्तरपत्रिका नष्ट करू नये’ ही ओळ निवेदनात आवर्जून घाला.

ग्राहक आयोगात जाऊ नका. परीक्षा घेणारे मंडळ ‘सेवा’ देत नाही आणि परीक्षार्थी ‘ग्राहक’ नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने २००९ मध्ये बिहार परीक्षा मंडळाच्या आणि २०१० मध्ये महर्षी दयानंद विद्यापीठाच्या प्रकरणात ठरवले आहे. तक्रार दाखल होते, वर्ष जाते आणि ती फेटाळली जाते. लोकसेवा हक्क अधिनियम, २०१५ फक्त अधिसूचित सेवांना लागू होतो, त्यामुळे आपल्या विद्यापीठाच्या यादीत ही सेवा आणि तिचे दिवस दिलेले असतील, तरच त्या वाटेने जा. दिवाणी न्यायालयात आज्ञार्थक मनाईहुकूम, म्हणजे एखादे काम करायला लावणारा हुकूम, मागता येतो, पण सप्टेंबरच्या आत तेथे काही होईल, असे मी कोणत्याही पक्षकाराला सांगणार नाही.

उरते ते सिव्हिल लाईन्समधील आपले, म्हणजे मुंबई उच्च न्यायालयाचे नागपूर, खंडपीठ. सात दिवसांत निवेदनाला उत्तर आले नाही, तर वकिलामार्फत तीन-चार दिवसांची मुदत देणारी नोटीस पाठवावी आणि ती मुदत संपायच्या आधीच याचिकेचा मसुदा तयार ठेवावा. अनेकदा नोटिशीवरच काम होते. विलंबामागे बहुधा कुणाचा दुष्ट हेतू नसतो: परीक्षक मानधनावरून येत नाही, गठ्ठा सापडत नाही, दोन तपासण्यांत मोठी तफावत आल्याने तिसऱ्याकडे पाठवायचे राहून जाते. वकिलाच्या कागदाने ती फाईल ढिगातून वर येते, एवढेच. तरीही काही झाले नाही, तर याचिकेत विद्यापीठाला कुलसचिवांमार्फत, परीक्षा मंडळाच्या संचालकांना आणि एम.एस्सी.च्या महाविद्यालयाला प्रतिवादी करा. प्रवेश प्रक्रिया राबवणारे प्राधिकरण वेगळे असेल, तर तेही हवे, कारण जो समोर नाही त्याच्यावर आदेश होत नाही. मागणी अशी असावी: पुनर्मूल्यांकनाच्या अर्जावर ठरावीक दिवसांत निर्णय द्यावा, ४-ब हे न तपासलेले उत्तर तपासावे, उत्तरपत्रिका जतन कराव्यात, आणि दरम्यान तात्पुरता प्रवेश याचिकेच्या निकालाच्या अधीन राहून कायम ठेवावा. याचिका दाखल झाल्यावर ३० तारीख दाखवून प्रकरण मेन्शन केले, म्हणजे तातडीने ऐकण्याची विनंती केली, तर ते लवकर बोर्डावर, म्हणजे सुनावणीच्या यादीत, लागते.

अंतरिम आदेशाबाबत फार आशा दाखवणे मला योग्य वाटत नाही. अपात्र विद्यार्थ्यांना अंतरिम आदेशाने परीक्षेला बसवण्याच्या प्रथेवर सर्वोच्च न्यायालयाने १९९८ मध्ये निखिल गुलाटी प्रकरणात कडक शब्दांत टीका केली आहे, आणि कागदावर आपली मुलगी आज अनुत्तीर्णच आहे. आपली बाजू उचलून धरणारी गोष्ट म्हणजे तो कोरा चौकोन. उलट, संस्थेच्या चुकीमुळे प्रवेश गमावणाऱ्या विद्यार्थ्याला काय देता येते, याचा विचार एस. कृष्णा श्रद्धा प्रकरणात डिसेंबर २०१९ मध्ये झाला. ते प्रकरण वैद्यकीय प्रवेशाचे होते. तरी त्यातली अट सर्वांनी लक्षात ठेवण्यासारखी आहे: विद्यार्थ्याचा दोष नसावा आणि तो विनाविलंब न्यायालयात आलेला असावा. रिटला ठरावीक मुदत नसते, पण प्रवेशाची तारीख उलटल्यावर आलेल्या याचिकेत न्यायालयालाही देण्यासारखे फारसे उरत नाही.

आदेशात दिलेली मुदत विद्यापीठाने पाळली नाही, तर न्यायालयाच्या अवमानाची याचिका करता येते. तिला एका वर्षाची मर्यादा आहे. नुकसानभरपाईची मागणी मी या टप्प्यावर सहसा घालत नाही. वर्ष वाया गेल्याचे सिद्ध झाल्यावर ती स्वतंत्रपणे मागता येते. आता घातली, तर दोन पानांत संपणारे प्रकरण विद्यापीठाच्या सविस्तर शपथपत्रासाठी चार आठवडे पुढे जाते.

शेवटी खर्चाचे आणि सहीचे. मुलगी सज्ञान आहे, त्यामुळे निवेदन, समितीकडील तक्रार आणि याचिका तिच्याच नावाने आणि तिच्याच सहीने हव्यात. आपल्या सहीचे अर्ज ‘संबंधित नसलेल्या व्यक्तीचे’ म्हणून बाजूला ठेवले जातात, आणि आपण पाठवलेल्या प्रतींत जुलैमधले दोन अर्ज नेमके तसेच आहेत. वकिलाचे शुल्क झेपणारे नसेल, तर विधी सेवा प्राधिकरण अधिनियम, १९८७ च्या कलम १२ प्रमाणे स्त्रीला, उत्पन्न कितीही असले तरी, मोफत विधी साहाय्य मिळू शकते. खंडपीठासाठी उच्च न्यायालय विधी सेवा उपसमितीकडे तिने स्वतः अर्ज करावा. जाताना मोबाइलमधले फोटो नकोत; विद्यापीठाने दिलेली मूळ छायांकित प्रत, २७ जूनच्या दोन्ही पावत्या आणि तात्पुरत्या प्रवेशाचे पत्र सोबत असू द्यावे.